उतरलेल्या वजनाचा बोर्ड

सरांच्या उजव्या हाताच्या बोटात जपयंत्र असायचं. देवळाबाहेर मिळतं तसलं, अंगठीसारखं अडकवायचं आणि अंगठ्याने बटण दाबलं की आकडा एकाने वाढतो. मुळात ते त्यांच्या आईचं. आई त्यावर देवाचं नाव मोजायची, सर माणसं मोजायचे. जिमच्या दारातून कुणी आत आलं की टक. पाण्याचे जार टाकणारा आला, टक. वीजबिल देणारा आला, टक. एकदा एक म्हैस दोन पाय आत घालून परत फिरली, तेव्हाही अंगठा हलला होता, हे मी स्वतः पाहिलं आहे. संध्याकाळी तो आकडा संगणकात भरायचा आणि रेघ वर गेली की समाधानाने दोन बिस्किटं खायची. माणूस हा शब्द त्यांच्या तोंडी फारसा नव्हताच. त्यांच्याकडे फक्त फुटफॉल येत असे.

मी त्या जिमच्या काउंटरवर तीन वर्षं बसलो. जिम डहाणूला, स्टेशनाकडून बाजाराकडे जाणाऱ्या रस्त्यावर, तळमजल्यावर. मी चिखल्याचा. बी.कॉम. झालो होतो आणि घरी बसून आईची बोलणी खात होतो, म्हणून मिळेल ती नोकरी धरली. जिमचे मालक म्हणजे सर, मूळचे इथलेच, पण मुंबईत कुठलासा फिटनेस-व्यवसायाचा कोर्स करून आले होते. व्यायाम मात्र त्यांनी कधी केला नाही. पोट पुढे, खांदे पडलेले, अंगात कायम नवा ट्रॅकसूट. कुणी चेष्टेने विचारलंच तर म्हणायचे, मिठाईवाला मिठाई खातो का?

त्यांचा खरा व्यायाम म्हणजे अहवाल वाचणं. जगात जिमचा धंदा कुठे चाललाय, कुठल्या वयाची माणसं कुठल्या महिन्यात येतात, किती टिकतात, हे सगळं ते मोबाइलवर वाचत आणि सकाळी दहाला आल्यावर मला ऐकवत. काचेची केबिन होती, तीत बसून स्क्रीनकडे बघायचे. काच स्वच्छ होती. पलीकडे माणसं घाम गाळताना दिसत होती. पण त्यांनी काचेतून बाहेर बघितलेलं मला आठवत नाही. "जे मोजलं नाही ते घडलंच नाही," हे त्यांचं ब्रीदवाक्य. ते भिंतीवर इंग्रजीत लावलं होतं आणि खाली स्वतःची सही होती.

ट्रेंड आला की जिम बदलायची. झुम्बाचा ट्रेंड आला तेव्हा निम्मी मशीनं मागच्या अंगणात गेली आणि पावसात गंजली. मग ट्रेंड उलटला, जाडे दोर जमिनीवर आपटायचा व्यायाम आला. सरांनी मुंबईहून काळा दोर मागवला. आमच्याकडे बंदरावर तसला दोर ढिगाने पडलेला असतो, हे त्यांना सांगण्याची सोय नव्हती. तो दोर एक बँकेतले साहेब धापा टाकत हलवत होते, तेव्हा दारातून दमयंतीकाकी बराच वेळ बघत राहिली आणि मला हळूच म्हणाली, "दुसऱ्या टोकाला जाळं नाय काय रे?"

या काकीबद्दल पुढे सांगायचंच आहे. त्याआधी तलासरीचं सांगतो, कारण सर म्हणजे काय चीज होती ते त्यावरून कळेल. त्यांच्या केबिनमध्ये तालुक्यांचा नकाशा होता आणि त्यावर कंपासने काढलेली वर्तुळं. बोर्डी एका वर्तुळात, कासा दुसऱ्यात, तलासरी तिसऱ्यात. तलासरीच्या वर्तुळात एकही जिम नव्हती, म्हणून सरांची झोप उडाली होती. एका बाजाराच्या दिवशी ते मला आणि एक फोल्डिंग टेबल घेऊन तिथे गेले. छापील फॉर्म होता: आपण नियमित कोणता व्यायाम करता? जिम, योग, झुम्बा, पोहणे, काहीच नाही. यातल्या एकावर खूण करायची.

टेबलापुढे आलेली पहिली बाई डोक्यावर लाकडाची मोळी घेऊन चार पाड्यांपलीकडून चालत आली होती. दुसरा माणूस वीटभट्टीवरून परतलेला. तिसऱ्याने सकाळपासून पोती उतरवली होती आणि त्याचे हात अजून थरथरत होते. मी एकेकाला विचारलं. जिम? नाय. योग? नाय. झुम्बा म्हणजे काय ते मलाच नीट सांगता येईना. सगळ्यांची खूण पडली "काहीच नाही"वर. परतताना गाडीत सर हर्षाने थरथरत होते. अख्खा तालुका बैठ्या जीवनशैलीचा आहे, केवढी मोठी संधी, असं त्यांचं म्हणणं. मी खिडकीतून बाहेर बघत होतो. रस्त्याच्या कडेने बैठ्या जीवनशैलीची माणसं डोक्यावर बोजे घेऊन चालली होती. पगार खाणाऱ्याला मूग गिळायची सवय लागते.

मेंबरांतही त्यांचा पंक्तिप्रपंच होता. पोलीसभरतीची तयारी करणारी पोरं पहाटे यायची, जीव तोडून मेहनत करायची, भरती झाली की निघून जायची. सरांच्या तक्त्यात ती पोरं तांबड्या रंगात होती. टिकत नाहीत, म्हणजे नापास. एकाची निवड झाली, तो पेढे घेऊन आला, तर सर पेढा तोंडात टाकून मला म्हणाले, "आणखी एक गेला." हिरव्या रंगात कोण? वर्षाची फी भरून गेले आणि परत फिरकलेच नाहीत ते. त्यांच्यावर सरांचं निस्सीम प्रेम. ते मशीन झिजवत नाहीत, पंखे लावत नाहीत, तक्रार करत नाहीत. त्यांच्या वाढदिवसाला सर स्वतःच्या हाताने शुभेच्छा पाठवायचे. शेवटी "आराम करा" असंही लिहायचे.

आता काकी. दमयंतीकाकी आमच्या शेजारची, चिखल्याची. नवरा होडीवर, ही मासळी सुकवून विकणारी. बोंबील, जवळा, मांदेली. दिवाळीनंतरच्या एका सकाळी आईने माझा विसरलेला डबा तिच्या हाती पाठवला. ती डोक्यावरच्या टोपलीसकट जिममध्ये आली. दाराशीच आमचं वजनाचं मशीन होतं. अनवाणी उभं राहिलं की वजन, चरबी, शरीराचं वय असं सगळं छापून बारीक चिठ्ठी बाहेर येते. जिममध्ये खऱ्या कामाची तेवढी एकच वस्तू होती.

काकीने विचारलं, हा काटा खरा काय? मी म्हटलं, अगदी खरा. मी माझाच नंबर दाबला आणि ती टोपलीसकट वर चढली. सत्तर. टोपली खाली ठेवून परत चढली. बावन्न. चिठ्ठीवर लिहिलं होतं की शरीराचं वय दोन मिनिटांत तीस वर्षांनी उतरलं. आम्ही दोघं हसलो. मग ती हसायची थांबली आणि बोटं मोडून हिशेब केला. अठरा. बाजारातल्या व्यापाऱ्याच्या काट्यावर ती टोपली पंधराच्या वर कधी भरली नव्हती.

दुसऱ्या दिवशी ती दोन बायका घेऊन आली. आठवड्याभरात सात-आठ जणी झाल्या. सकाळी सहा ते आठ, सर यायच्या खूप आधी. चढायचं, उतरायचं, दोन चिठ्ठ्या घ्यायच्या, बाजार गाठायचा. मशीन मेंबराच्या नंबराशिवाय चिठ्ठी देत नसे, म्हणून मी प्रत्येकीच्या नावाने ट्रायल मेंबरशिप उघडली. मला त्यात काही वावगं वाटलं नाही. खरं सांगायचं तर त्या जिममध्ये मी केलेलं तेवढंच उपयोगाचं काम. व्यापारी आधी कुरकुरला, पण छापील चिठ्ठीपुढे त्याला बोलता येईना. काकीची टोपली तिथेही अठरा भरू लागली.

आणि इकडे सरांची रेघ आभाळाला भिडली.

संगणक बिचारा काय करणार? मेंबर सत्तरची होती, बावन्नची झाली, अठरा किलो उतरले. असं रोज. असं आठ जणींचं. सरांनी महिलांचा वेगळा गुलाबी तक्ता केला. या बाया कोण, कधी येतात, दहानंतर एकही का दिसत नाही, हे विचारायचं त्यांच्या मनातही आलं नाही. आकडा आला होता ना. हॉलमध्ये सुक्या मासळीचा वास रेंगाळायचा, तर सर नाक वर करून म्हणायचे, वर्कआउट जोरात होतोय, आणि सुगंधाच्या डब्या मागवायचे. मग त्यांनी दारावर मोठा विजेचा बोर्ड लावला. त्यावर लाल अक्षरांत "आमच्या मेंबरांनी या महिन्यात उतरवलेलं वजन" आणि खाली पळता आकडा. डहाणूची निम्मी सुकी मासळी त्या बोर्डावर होती. संध्याकाळी रिक्षाची वाट बघताना बाया वर बघायच्या आणि महिन्याभरात माल किती गेला ते बोर्डावर वाचायच्या. आकडा काय आहे ते त्यांना माहीत होतं, मला माहीत होतं. ठाऊक नव्हतं ते एका सरांनाच.

मे महिना लागला. एक जूनपासून होड्या बंद. पावसाचे ते दोन-अडीच महिने कोळीवाड्याने काढायचे ते साठवून विकलेल्या सुक्या मालावर. काकीने हंगामाचा मोठा माल त्याच व्यापाऱ्याकडे उधारीवर टाकला होता, आणि त्याने शेवटी डाव साधला. म्हणाला, रोज एकेक चिठ्ठी मी बघत बसणार नाही, पावसाआधी सगळ्या एकदम आणा, त्यांच्या वजनाप्रमाणे देतो. नाही आणल्या तर माझ्या वहीतलं वजन खरं. काकीने सगळ्या चिठ्ठ्या बिस्किटांच्या डब्यात, चुलीवरच्या फळीवर जपून ठेवल्या होत्या. डबा उघडला तर आत कोरे पांढरे कागद. असल्या चिठ्ठीवरची अक्षरं उबेने आणि दमटपणाने उडतात. हे मला माहीत असायला हवं होतं. मी रोज त्या हातात देत होतो.

ती तो डबा घेऊनच माझ्याकडे आली. मी धीर दिला की सगळं संगणकात आहे, नाव, तारीख, वेळ, प्रत्येक वजन. यादी छापली की व्यापाऱ्याचं तोंड बंद. प्रिंटरचा कागद संपला होता. समोरच्या दुकानात कागद मिळत होता, रस्ता ओलांडायचा कंटाळा आला, एवढंच. उद्या सकाळी देतो, असं म्हणालो.

त्या उद्याच मुंबईहून पाहुणे आले. एका मोठ्या जिम-कंपनीला गावोगाव शाखा काढायच्या होत्या आणि सरांनी आपले आकडे त्यांना पाठवले होते. येणार होते अकराला, टपकले सातला. त्यातल्या बाईंना म्हणे गर्दीची वेळ बघायची होती. सर धावत आले, ट्रॅकसूटची चेन अर्धी उघडी, बोटात जपयंत्र. दारात सात बाया टोपल्या घेऊन रांगेत उभ्या होत्या. सरांच्या अंगठ्याने सात वेळा टक केलं.

आणि मग त्या माणसाने जे केलं ते मी जन्मात विसरणार नाही. टोपल्यांना वळसा घालून ते केबिनमध्ये गेले, पाहुण्यांना स्क्रीनपुढे बसवलं आणि महिलांचा गुलाबी तक्ता समजावू लागले. मागे काचेपलीकडे त्या महिला बोंबलांसकट उभ्या होत्या. पाहुण्या बाई हुशार होत्या. त्यांनी एका नोंदीवर बोट ठेवून विचारलं, ही सभासद सात वाजून चार मिनिटांनी सत्तर किलो आहे आणि सात वाजून सहा मिनिटांनी बावन्न, हे कसं? सर म्हणाले, हाय इंटेन्सिटी. बाईंनी मान वळवून काचेतून बाहेर पाहिलं, मग उठून दाराशी गेल्या आणि काकीलाच विचारलं. काकीला कुणी लपवाछपवी शिकवलेली नव्हती.

"बाय, ती टोपली हाय," काकी म्हणाली. "खाली ठेवली का कमी भरतं."

पाहुणे हसले नाहीत, तेवढी सभ्यता त्यांच्यात होती. चहाही न घेता स्टेशनाकडे गेले. मला वाटलं आता सर माझ्यावर तुटून पडतील. त्यांनी आवाजही चढवला नाही. खुर्ची ओढून माझ्याशेजारी बसले आणि म्हणाले, "डेटा खराब झालाय. टोपलीवाल्या नोंदी सगळ्या काढून टाक."

मी सांगितलं, अगदी स्पष्ट सांगितलं, की या नोंदी म्हणजे काकीचा हंगाम आहे, तिच्या चिठ्ठ्या कोऱ्या झाल्या आहेत, व्यापारी अडून बसलाय, मला फक्त एक यादी छापू द्या, मग पुसा. सरांनी ऐकून घेतलं. खरंच ऐकून घेतलं, म्हणूनच अजून चीड येते.

"चुकीच्या आकड्यांची प्रिंट कशाला काढायची?" ते म्हणाले. "माणसाचं वजन ठेव. टोपलीचं आपल्याला काय करायचंय?"

काचेपलीकडे काकी माझ्याकडे बघत होती. तिला वाटत होतं मी तिचीच यादी काढतोय. मी बटण दाबलं. एकदा नाही, एकेका नावापुढे, आठ नावांपुढे दाबलं. सरांना उंटावरचा शहाणा म्हणून मी गावभर हसलो, पण बटणावर बोट माझं होतं. बाहेरचा बोर्ड शून्यावर आला. काकीला मी काय सांगितलं ते शब्द आठवत नाहीत. तिने डबा उचलला, कोऱ्या चिठ्ठ्यांसकट, आणि गेली. व्यापाऱ्याच्या वहीतलं वजन खरं ठरलं.

पावसाळ्यात मी काकीच्या घरासमोरून जायचं टाळत होतो. आई सांगायची, दुपारची चूल पेटत नाही त्यांच्याकडे, मी भात पाठवला तर परत केला. सरांनी मात्र त्या पडलेल्या रेघेचं कारण शोधून काढलं होतं. तक्त्यावर बाण काढून लिहिलं: हंगामी घसरण. सगळ्या देशात पावसाळ्यात असंच होतं म्हणे, अहवालात आहे.

दसऱ्याच्या सुमाराला नवा माल सुकला आणि काकी टोपली घेऊन दारात उभी राहिली. या वेळी सर हजर होते. फुटफॉल पडल्यामुळे ते आता सकाळी सहालाच येऊन दाराशी बसायचे. टोपली मशीनवर चढणार नाही, असं त्यांनी बजावलं. मग त्यांना काय सुचलं कोण जाणे, म्हणाले, काकी, तुम्ही चढा, तुमचं जुनं रेकॉर्ड आहे आपल्याकडे, फुकट बघून देतो. काकीने टोपली पायरीवर ठेवली आणि चढली.

शेहेचाळीस.

सर वाकून बघत राहिले. मेमध्ये बावन्न, आता शेहेचाळीस, आणि डोक्यावर टोपली नाही. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, मी खोटं सांगत नाही. आमची पहिली खरी सक्सेस स्टोरी, असं ते दोनदा म्हणाले.

"डाएट काय केलंत काकी?" त्यांनी विचारलं.

काकी मशीनवरून उतरत होती. "डाएट काय," ती म्हणाली. "पावसाळा."

सरांनी ते लिहून घेतलं. पुढच्या जूनमध्ये जिमच्या दारावर "मान्सून पॅकेज"चा फलक लागला, असं मला नंतर कळलं. मी दिवाळीआधीच ती नोकरी सोडली होती. काकी चढली त्या सकाळी मात्र सरांनी स्वतःच्या हाताने मेन स्विच दाबला आणि मेपासून बंद असलेला बोर्ड पेटवला. मी बाहेर जाऊन काकीच्या डोक्यावर टोपली चढवायला हात दिला. चुंबळ सारखी करताना मला तिच्या मानेची हाडं दिसली. तिने वर बोर्डाकडे पाहिलं. तिथे लाल दिव्यांत सहाचा आकडा होता. टोपली तर काट्यावर चढलीच नाही, मग हा कुणाच्या मालाचा, असं तिने विचारलं.

"तुमचंच वजन आहे ते, काकी," मी म्हणालो.



"मग खरा असेल," ती म्हणाली. "तुमचा काटा खोटं नाय बोलत." आणि टोपली सावरत बाजाराकडे, त्याच व्यापाऱ्याच्या काट्याकडे चालू लागली.